कॅमेरा आपला, कळ कोणाची?

विकत आणल्याच्या पहिल्याच दिवशी जिच्यावर चिकटपट्टी मारावी असं वाटतं, अशी वस्तू सहसा आपण दुकानदाराला परत करू. वेबकॅमच्या नशिबी मात्र हा प्रकार मानाचा ठरला. २०१६ च्या जूनमध्ये मार्क झुकरबर्ग यांनी इन्स्टाग्रामचे ५० कोटी वापरकर्ते झाल्याच्या आनंदात एक फोटो टाकला. लोकांनी आनंद बाजूला ठेवला आणि मागच्या टेबलावरचा लॅपटॉप न्याहाळला. त्याच्या कॅमेऱ्यावर पट्टी होती, मायक्रोफोनच्या भोकांवरही होती. त्याच वर्षी अमेरिकेच्या एफबीआयचे तेव्हाचे संचालक जेम्स कोमी यांनीही आपण कॅमेऱ्यावर पट्टी लावतो हे उघडपणे सांगितलं. त्यावरून त्यांची बरीच थट्टा झाली. तरी काही महिन्यांनी त्यांनी पुन्हा सांगितलं की सगळ्यांनीच लावावी.

एक जण जगाची माहिती गोळा करून मोठा झालेला, दुसरा पाळत ठेवणाऱ्या यंत्रणेचा प्रमुख. दोघांचाही आपल्या लॅपटॉपवर विश्वास नाही. या गोष्टीकडे आपण 'किती सावध माणसं' म्हणून कौतुकाने पाहिलं. मला ती पट्टी म्हणजे उत्पादकांवरचा ठपका वाटते. जे काम कारखान्यात व्हायला हवं होतं ते आपण घरी कात्री घेऊन करतोय, आणि वर स्वतःला हुशार म्हणवतोय.

वेबकॅमबद्दल बोलताना चर्चा नेहमी दोन ठिकाणी जाते. कोणता घ्यावा, आणि तो हॅक होतो का. मला तिसराच प्रश्न मुळाचा वाटतो: तो आहे कोणाचा? पावती माझ्या नावावर आहे म्हणून कॅमेरा माझा होत नाही. तो चालू करायचा की बंद ठेवायचा, ही कळ ज्याच्या हातात आहे त्याचा तो. या मापाने मोजलं, तर गेल्या तीस वर्षांत वेबकॅम स्वस्त होत गेला, चांगला होत गेला आणि आपल्या हातून निसटत गेला.

सुरुवात निरागस होती. केंब्रिज विद्यापीठाच्या संगणक प्रयोगशाळेत १९९१ मध्ये काही संशोधकांनी कॉफीच्या भांड्यासमोर कॅमेरा लावला. जिने चढून जावं आणि भांडं रिकामं निघावं, हा मनस्ताप टाळण्यासाठी. चित्र १२८ बाय १२८ ठिपक्यांचं, राखाडी. १९९३ मध्ये ते वेबवर आलं आणि ज्यांना ती कॉफी कधीच मिळणार नव्हती अशी हजारो माणसं भांडं भरलंय का ते पाहू लागली. २००१ च्या २२ ऑगस्टला तो कॅमेरा बंद झाला. शेवटच्या चित्रात संशोधकांची बोटं दिसतात, सर्व्हरची कळ दाबताना. कॅमेरा लावणारे आणि कळ दाबणारे तेच होते, म्हणून तिथे भांडणाला जागाच नव्हती.

दरम्यान १९९४ मध्ये कनेक्टिक्स कंपनीचा क्विककॅम बाजारात आला. चेंडूएवढा, राखाडी छटांत चित्र देणारा, मॅकिंटॉशला जोडायचा. त्याच्यावर चिकटपट्टी लावायचं कोणाच्या डोक्यात आलं नसेल, कारण गरजच नव्हती. नको असेल तेव्हा वायर उपटायची. उपटलेल्या वायरीला जगातला कुठलाही हॅकर काही करू शकत नाही. यापेक्षा खात्रीची सुरक्षाव्यवस्था त्यानंतर कोणी बनवलेली नाही, हे मी पूर्ण गांभीर्याने म्हणतोय.

मग २००५-०६ च्या सुमारास कॅमेरा संगणकाच्या चौकटीत आणि लॅपटॉपच्या झाकणात शिरला. सोय झाली यात शंका नाही. परगावी असलेल्या मुलाशी बोलायला आता वेगळी खरेदी करावी लागत नाही. पण दोन गोष्टी गुपचूप बदलल्या. एक, कॅमेरा 'विकत घेण्याची' वस्तू उरला नाही, तो संगणकाबरोबर येऊ लागला. जी वस्तू आपण निवडून घेत नाही तिच्याबद्दल आपण प्रश्नही विचारत नाही. दुसरी, वायर गेली. वायरीच्या बदल्यात आपल्याला मिळाला एक छोटा दिवा.

या दिव्यापाशी जरा थांबायला हवं, कारण सगळा व्यवहार तिथेच फसला. कॅमेऱ्याशेजारी दिवा बसवायच्या दोन तऱ्हा आहेत. पहिली, सेन्सरला, म्हणजे चित्र टिपणाऱ्या भागाला, जी वीज जाते तिच्याच वाटेवर दिवा जोडायचा. सेन्सरला वीज मिळाली की दिव्याला मिळणारच, मध्ये कोणाचा हुकूम चालत नाही. दुसरी, कॅमेऱ्यातल्या चिपला सांगून ठेवायचं, बाई गं, चित्र घेशील तेव्हा दिवा लाव. पहिल्या तऱ्हेत शब्द तांब्याच्या तारेने दिलेला असतो. दुसऱ्या तऱ्हेत तो सॉफ्टवेअरने दिलेला असतो, आणि सॉफ्टवेअर बदलता येतं.

२०१३ मध्ये जॉन्स हॉपकिन्स विद्यापीठातल्या दोन संशोधकांनी दाखवून दिलं की २००८ पर्यंतच्या मॅकबुक आणि आयमॅकमधला दिवा न लावता कॅमेरा चालवता येतो. त्यातली गंमत बघण्यासारखी आहे. ॲपलने दिवा अगदी हलगर्जीपणे जोडला नव्हता. सेन्सरला 'थांब' असा संकेत देणारी जी तार होती तिलाच दिवा बांधलेला होता. सेन्सर थांबला की दिवा विझे, चालू झाला की पेटे. संशोधकांनी सेन्सरलाच पढवलं की 'थांब' या संकेताकडे लक्ष देऊ नको. दिवा इमानेइतबारे विझलेला राहिला आणि सेन्सर चित्रं घेत राहिला. हे करायला लॅपटॉपला हातसुद्धा लावावा लागत नव्हता. बरं, हा जुन्या काळचा अपघात म्हणावा, तर २०२४ मध्ये दुसऱ्या एका संशोधकाने थिंकपॅडच्या एका जुन्या मॉडेलवर त्याच जातीचा प्रयोग करून दाखवला. तिथे दिवा थेट चिपच्याच आज्ञेत होता. चिपमधलं सॉफ्टवेअर बदललं की दिवा आणि कॅमेरा यांची फारकत.

पुढच्या काळात ॲपलसह काही कंपन्यांनी दिवा विजेच्या वाटेवरच बांधायला सुरुवात केली. म्हणजे हे जमतं. अवघड नाही, महागही नाही. मग प्रत्येक लॅपटॉपात ते का नाही, आणि तुमच्या लॅपटॉपात दिव्याची कोणती तऱ्हा आहे हे खोक्यावर का छापलेलं नसतं?

दिवा खरा असला तरी तो फक्त सांगतो, अडवत नाही. अमेरिकेतल्या पेनसिल्व्हेनियातल्या लोअर मेरियन शाळा-विभागाची २०१० ची गोष्ट यासाठी आठवते. विभागाने विद्यार्थ्यांना लॅपटॉप दिले होते आणि चोरीला गेले तर शोधता यावेत म्हणून त्यांत दुरून कॅमेरा चालू करण्याची सोय ठेवली होती. मुलांना मध्येच कॅमेऱ्याचा हिरवा दिवा क्षणभर लागलेला दिसे. विचारल्यावर उत्तर मिळे की काहीतरी तांत्रिक बिघाड असेल. एका विद्यार्थ्याला घरातल्या वागणुकीबद्दल शाळेत जाब विचारला गेला, तेव्हा बिंग फुटलं. पुरावा होता त्याच्याच खोलीतला, त्याच्याच लॅपटॉपने काढलेला फोटो. चौकशीत कॅमेऱ्याने आणि पडद्यावरून टिपलेली पन्नास हजारांहून जास्त चित्रं निघाली. विभागाने ६,१०,००० डॉलर देऊन खटले मिटवले. कागदोपत्री लॅपटॉप शाळेचेच होते. कॅमेरा कोणी 'हॅक' केला नव्हता, मालकानेच चालवला होता. दिव्याने खरं सांगितलं आणि माणसांनी ते खोटं पाडलं.

चोरटे अर्थातच आहेत. 'ब्लॅकशेड्स' नावाचं दुसऱ्याच्या संगणकाचा ताबा मिळवून देणारं सॉफ्टवेअर चाळीस डॉलरला मिळायचं. कॅमेरा चालू करणं हा त्यातला एक पर्याय होता. २०१४ च्या मेमध्ये अनेक देशांतल्या पोलिसांनी एकाच वेळी धाडी घालून नव्वदहून जास्त जणांना पकडलं, तोवर पाच लाखांहून जास्त संगणक त्याच्या तावडीत सापडले होते. दुसऱ्याच्या घरात डोकावायला कौशल्य लागत नव्हतं, चाळीस डॉलर पुरत होते.

तरीही भीती प्रमाणात ठेवायला हवी, कारण भीतीचाही धंदा होतो. २०१८ पासून जगभर एक ईमेल फिरतोय: तुमचा कॅमेरा आम्ही चालू केला होता, तुमचे नको ते व्हिडिओ आमच्याकडे आहेत, पैसे पाठवा. विश्वास बसावा म्हणून विषयाच्या ओळीत तुमचा खरा पासवर्ड. मलाही आला होता. पासवर्ड माझाच, फार जुना. दोन मिनिटं हातपाय गार पडले हे कबूल करतो. नंतर लक्षात आलं की तो पासवर्ड कधीकाळी फुटलेल्या कुठल्यातरी यादीतून उचललाय आणि व्हिडिओ वगैरे थाप आहे. अशा बहुतेक ईमेलांचं हेच असतं. पण ती थाप चालते, कारण कॅमेरा बंद होता हे छातीठोक सांगायला आपल्याकडे काहीच नसतं. झाकण असलेला कॅमेरा वापरणाऱ्याला हा ईमेल घाबरवू शकत नाही.

आणि पट्टीवर फार भिस्त ठेवणाऱ्यांसाठी ब्रिटनच्या जीसीएचक्यू या गुप्तचर संस्थेचा 'ऑप्टिक नर्व्ह' कार्यक्रम पुरेसा आहे. अमेरिकी गुप्तचर यंत्रणेची गुपितं फोडणाऱ्या एडवर्ड स्नोडेन यांच्याकडच्या कागदपत्रांवरून गार्डियन या दैनिकाने २०१४ मध्ये तो उघड केला. याहूवरच्या व्हिडिओ गप्पांमधून दर पाच मिनिटांना एक चित्र उचललं जायचं. २००८ मधल्या सहा महिन्यांत १८ लाखांहून जास्त खात्यांची चित्रं जमा झाली, त्यांतली काही अतिशय खाजगी. तिथे कॅमेरा लोकांनी स्वतःच्या हाताने, आपल्या माणसासाठी चालू केला होता. पट्टी काय कामाची?

बाजाराने या सगळ्याचं काय केलं? बरीच वर्षं काहीच नाही. लॅपटॉपचं झाकण पातळ करण्याच्या शर्यतीत कॅमेऱ्याला जागा उरली नाही, आणि महागड्या लॅपटॉपांतही ७२० पीचा धुरकट कॅमेरा दहाएक वर्षं तसाच चालला. २०२० मध्ये सगळं जग घरात बसलं तेव्हा आपण एकमेकांना किती वाईट दिसतो ते कळलं आणि बाहेरून जोडायचे वेबकॅम दुकानांतून गायब झाले. वेबकॅम बनवणाऱ्या लॉजिटेकची मार्च २०२१ मध्ये संपलेल्या वर्षातली एकूण विक्री ७६ टक्क्यांनी वाढून ५२५ कोटी डॉलरवर गेली. त्या लाटेत कॅमेरे सुधारले. १०८० पी नेहमीचं झालं, चेहऱ्यामागे वळणारी चौकट आली, मागचा पसारा धूसर करणं आलं. कॅमेऱ्यावर सरकतं झाकणही काही मॉडेलांत आलं, पण ते 'वैशिष्ट्य' म्हणून. दाराला कडी असणं हे घराचं वैशिष्ट्य म्हणून जाहिरातीत छापावं तसं. उलट २०२० च्या जुलैमध्ये ॲपलने ग्राहकांना बजावलं की ०.१ मिलिमीटरपेक्षा जाड आवरण लावून मॅकबुक मिटू नका, पडदा फुटेल. म्हणजे कॅमेऱ्याचं झाकण आम्ही देणार नाही, आणि तुम्ही लावलंत तर जबाबदारी तुमची.

(फोनची तर गोष्टच निराळी. लॅपटॉपला पट्टी लावणारा तोच माणूस रात्री दोन-तीन कॅमेऱ्यांचा फोन उशाशी घेऊन झोपतो. तिथे २०२० पासून आयफोनवर आणि २०२१ पासून अँड्रॉइडवर कॅमेरा चालू असल्याचा ठिपका दिसतो. तो ठिपका म्हणजे पुन्हा सॉफ्टवेअरचा शब्द.)

खरी घसरण मात्र थेट इंटरनेटला जोडलेल्या कॅमेऱ्यांत आहे. पाळण्यावर, दारावर, दुकानात लावले जातात ते. २०१६ मध्ये 'मिराय' नावाच्या संगणकी किड्याने असे कॅमेरे आणि रेकॉर्डर लाखांनी काबीज केले. त्याची युक्ती शाळकरी होती: कारखान्यातून येणाऱ्या साठेक नाव-पासवर्डांच्या जोड्या एकामागून एक लावून बघायच्या. २१ ऑक्टोबरला अशा यंत्रांच्या फौजेने वेबसाइटांचे पत्ते शोधून देणाऱ्या डिन या कंपनीवर हल्ला केला आणि ट्विटर, नेटफ्लिक्ससारख्या सेवा काही तास कोलमडल्या. कॅमेऱ्याच्या मालकांना बहुधा पत्ताही नव्हता. तो पासवर्ड कोणी बदलायला हवा होता? सगळे म्हणतील, ग्राहकाने. पण लाखो ग्राहक एकच चूक करत असतील, तर ती चूक ग्राहकांची नसते.

या कॅमेऱ्यांचं चित्रण बहुधा कंपनीच्या सर्व्हरवर जातं आणि ते पाहायला महिन्याची वर्गणी भरावी लागते. भिंत माझी, वीज माझी, समोरचं घर माझं, आणि चित्र कंपनीकडे. रिंग या अमेझॉनच्या कंपनीवर २०२३ मध्ये अमेरिकेच्या फेडरल ट्रेड कमिशनने आरोप ठेवला की कर्मचाऱ्यांना ग्राहकांचे खाजगी व्हिडिओ पाहता येत होते, आणि एकाने महिला ग्राहकांच्या शयनगृहांतले, न्हाणीघरांतले हजारो व्हिडिओ पाहिले. प्रकरण ५८ लाख डॉलरला मिटलं. २०२१ मध्ये व्हर्काडा कंपनीच्या मुख्य खात्याची किल्ली बाहेरच्यांच्या हाती लागली आणि त्यांना दीड लाखाच्या आसपास कॅमेऱ्यांत एकाच वेळी डोकावता आलं. त्यांत रुग्णालयं होती, तुरुंग होते.

आता तर साधा, वायरीने जोडायचा वेबकॅमही साधा उरलेला नाही. त्याच्या पोटात एक छोटा संगणक असतो. २०२५ मध्ये संशोधकांनी लेनोवोच्या दोन वेबकॅमांत लिनक्स ही संगणकप्रणाली चालत असल्याचं आणि ते दुरून बदलून कॅमेऱ्याला गुपचूप आज्ञा टाइप करणाऱ्या चोरट्या कीबोर्डासारखं वापरता येत असल्याचं दाखवलं. त्याच वर्षी 'अकिरा' या खंडणीखोर टोळीची एक हकीकत बाहेर आली. कार्यालयातल्या संगणकांवरच्या पहारेकरी सॉफ्टवेअरने त्यांना अडवलं, तेव्हा त्यांनी नेटवर्कवरच्या एका बेवारस वेबकॅमवरून हल्ला चढवला. कॅमेऱ्याकडे कोणी पाहतच नव्हतं.

आणि कळ हातात असूनही ती दाबायची मुभा नसेल तर? २०२२ मध्ये नेदरलँड्समध्ये घरून काम करणाऱ्या एका कर्मचाऱ्याला अमेरिकी कंपनीने काढून टाकलं, कारण त्याने दिवसभर कॅमेरा चालू ठेवायला नकार दिला. तिथल्या न्यायालयाने हा खाजगी आयुष्यावरचा घाला मानला आणि कंपनीला सुमारे ७५ हजार युरो द्यायला लावले. त्याच वर्षी ओहायोत संघराज्य न्यायाधीशांनी ठरवलं की ऑनलाइन परीक्षेआधी विद्यार्थ्याला कॅमेरा फिरवून खोली दाखवायला लावणं ही घटनाबाह्य झडती आहे. यावर नेहमीचा युक्तिवाद ठाऊक आहे: पगार देतो, मग काम करताना दिसायला नको? परीक्षेत नक्कल होऊ द्यायची? नक्कल होऊ नये हे मलाही पटतं. पण ज्या परीक्षेला उमेदवाराचं कपाट बघावं लागतं ती प्रश्नपत्रिकाच पुन्हा काढायला हवी. कामाचंही तसंच. आणि कॅमेरा सतत चालू ठेवण्याचा शीण नव्याने रुजू झालेल्यांना आणि स्त्रियांना जास्त येतो, असं २०२१ मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका चार आठवड्यांच्या प्रयोगात दिसलं होतं. ज्यांना नाही म्हणणं सर्वांत जड, त्यांनाच तो जास्त सोसावा लागतो.

कायदे हलू लागलेत. कॅलिफोर्नियाने २०२० पासून सगळ्या यंत्रांना एकच ठरावीक पासवर्ड देण्याला आळा घातला. ब्रिटनमध्ये २९ एप्रिल २०२४ पासून तशी यंत्रं विकता येत नाहीत, शिवाय सुरक्षा-दुरुस्त्या किती काळ मिळतील हे उत्पादकाला जाहीर करावं लागतं. युरोपीय संघाच्या नव्या कायद्यातल्या मुख्य अटी डिसेंबर २०२७ पासून लागू होतील. हे सगळं चांगलं आहे, पण ब्रिटनच्या नियमांतून साधे लॅपटॉप वगळलेले आहेत. ज्या डोळ्यासमोर आपण दिवसाचे आठ तास बसतो, तोच बाहेर राहिला.

माझं मागणं फार नाही. दिवा विजेच्या वाटेवर बांधा आणि तसं लिहून द्या. प्रत्येक लॅपटॉपच्या कॅमेऱ्यावर सरकपट्टी द्या, स्वस्त मॉडेलातही, कारण स्वस्त लॅपटॉप घेणाऱ्याच्या घरातही माणसंच राहतात. मायक्रोफोन तोडणारी खरी कळ द्या, कारण पट्टीने आवाज थांबत नाही. झुकरबर्गांच्या मायक्रोफोनवरची पट्टी मला म्हणूनच थोडी केविलवाणी वाटली होती. याने किंमत थोडी वाढेल, वाढू दे. थोड्या भित्र्या लोकांसाठी सगळ्यांनी का मोजावं, असं कोणी विचारेल. मोटारीचे सुरक्षा पट्टेही ज्यांना अपघात होत नाही त्यांच्या पैशांतूनच बसतात.

आणि औषधाच्या पाकिटावर असते तशी एक तारीख छापा: या दिवसापर्यंत आम्ही याच्या त्रुटी दुरुस्त करू. त्यानंतर नेटवर्कवर ठेवायचा की काढून टाकायचा, ते माझं मी बघेन.

माझ्या टेबलावर एक बाहेरून जोडायचा वेबकॅम आहे. हे लिहिताना त्याचं खोकं शोधून काढलं. त्यावर ठिपक्यांची संख्या आहे, दृश्याचा कोन आहे, अंधारातही चेहरा उजळ दिसेल असं आश्वासन आहे, पाच भाषांत हसणारी एक बाई आहे. दिव्याची तऱ्हा नाही, तारीख नाही. बोलणं संपलं की मी त्याची वायर काढून ठेवतो.